ट्रोम्सोजवळच्या सामी रेनडिअर तळावर: तयारी, व्हिसा आणि एका कुटुंबाचा पाहुणचार

हिवाळ्यात उत्तर नॉर्वेतील ट्रोम्सोला जाणारे बहुतेक लोक ध्रुवीय प्रकाश पाहण्यासाठी जातात आणि उत्तर युरोपातील सामी या आदिवासी लोकांच्या रेनडिअर तळाची भेट सहलीत मधल्या एखाद्या रिकाम्या दिवशी बसवतात. आम्ही मात्र तळासाठीच गेलो. मी अनेक वर्षे शाळेत भूगोल शिकवला, आणि टुंड्रा प्रदेशातील लोकजीवन हा धडा दोन परिच्छेदांत संपवताना दरवर्षी रुखरुख लागून राहायची. निवृत्तीनंतर ते लोक प्रत्यक्ष भेटावेत, त्यांच्याकडून त्यांच्याबद्दल ऐकावे, अशी इच्छा होती. सप्टेंबर २०२४ मध्ये मी आणि माझ्या पतींनी जायचे नक्की केले आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये जाऊन आलो. या काळात जी माहिती गोळा करावी लागली आणि जे अनुभवाला आले, ते पुढे जाणाऱ्यांच्या उपयोगी पडावे म्हणून क्रमाने लिहीत आहे.

सर्वांत आधी प्रश्न होता तो कोणत्या देशात जायचे हा. सामींचा प्रदेश, ज्याला ते साप्मी म्हणतात, तो नॉर्वे, स्वीडन, फिनलंड आणि रशियाचे कोला द्वीपकल्प अशा चार देशांत विभागलेला आहे. रेनडिअर पाहण्याची सोय पहिल्या तिन्ही देशांत आहे, पण एक महत्त्वाचा फरक वाचनात आला. नॉर्वेच्या उत्तर भागात रेनडिअर पाळण्याचा हक्क कायद्याने सामींनाच आहे, तर फिनलंडमध्ये तो व्यवसाय इतर रहिवाशांनाही करता येतो. त्यामुळे फिनलंडमधील सगळेच तळ सामी कुटुंबांचे असतात असे नाही, आणि सामी नसलेल्या माणसांना सामींसारखे कपडे घालून पर्यटकांसमोर उभे करण्याचे प्रकारही तेथे घडले आहेत. याच कारणाने फिनलंडमधील सामी संसदेने २०१८ मध्ये सामी पर्यटनासाठी नैतिक मार्गदर्शक तत्त्वे स्वीकारली. हे वाचल्यावर मी प्रत्येक तळाला ई-मेल पाठवून सरळ विचारू लागले की तळ कोणाच्या मालकीचा आहे, कुटुंबाचा स्वतःचा कळप आहे का, आणि माहिती सांगणारी व्यक्ती स्वतः सामी असते का. असे विचारताना संकोच वाटत होता, पण ज्या कुटुंबाकडे आम्ही शेवटी गेलो, त्यांचे उत्तर सविस्तर आणि आनंदाने लिहिलेले होते. नोंदणी करण्यापूर्वी हे तीन प्रश्न अवश्य विचारावेत, असे मी आग्रहाने सांगेन.

दर ऐकून प्रथम छाती दडपली. जेवण, रेनडिअरना खाऊ घालणे आणि संस्कृतीची ओळख एवढ्यासाठी माणशी सुमारे १,४०० नॉर्वेजियन क्रोन, म्हणजे तेव्हाच्या दराने साधारण ११,००० रुपये पडले. स्लेजमधून फेरी हवी असेल तर आणखी पैसे द्यावे लागतात. आम्ही फेरी घेतली नाही आणि गप्पांना जास्त वेळ असलेला पर्याय निवडला. फेब्रुवारी हा तेथील गर्दीचा महिना असल्यामुळे ऑक्टोबरमध्येच नोंदणी केली, आणि व्हिसा नाकारला गेल्यास पैसे परत मिळतील याची लेखी खात्री करून घेतली.

आता व्हिसा. नॉर्वे युरोपीय संघात नसला तरी, युरोपातील अनेक देशांत एकच व्हिसा चालतो त्या शेंगेन क्षेत्रात आहे, त्यामुळे शेंगेन व्हिसा लागतो आणि फक्त नॉर्वेलाच जायचे असेल तर अर्ज नॉर्वेकडेच करावा लागतो. प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो आणि किमान पंधरा दिवस आधी तो झालाच पाहिजे. आधी नॉर्वेच्या परदेशी नागरिकविषयक संचालनालयाच्या संकेतस्थळावर खाते उघडून अर्ज भरायचा, शुल्क तेथेच कार्डाने भरायचे, मग मुंबईच्या अर्ज केंद्राची वेळ घ्यायची आणि छापील प्रत व कागदपत्रे घेऊन स्वतः जायचे, असा क्रम आहे. शुल्क ९० युरो, म्हणजे तेव्हाच्या दराने आठ हजार रुपयांच्या थोडे वर, आणि केंद्राचे सेवाशुल्क वेगळे. हे शुल्क व्हिसा नाकारला तरी परत मिळत नाही.

कागदपत्रांत सर्वाधिक वेळ पैशांच्या पुराव्याला लागला. नॉर्वेत राहण्यासाठी दिवसाला साधारण ५०० क्रोन जवळ असावेत असा तेथील निकष आहे. निवृत्त माणसाला पगाराची चिठ्ठी देता येत नाही, म्हणून आम्ही बँकेचा शिक्का असलेले खातेउतारे, प्राप्तिकर विवरणपत्रे, निवृत्तिवेतनाचा आदेश आणि मुदत ठेवींच्या पावत्या जोडल्या. सोबत एका पानाचे निवेदन दिले, ज्यात प्रत्येक दिवशी कोठे असू, कोठे राहू आणि परत कशासाठी येणार हे साध्या शब्दांत लिहिले होते. प्रवासविमा किमान ३०,००० युरोंचा लागतो आणि तो संपूर्ण शेंगेन क्षेत्रात लागू आहे असे विमापत्रावर स्पष्ट छापलेले असावे लागते. ते वाक्य असल्याची खात्री घरीच करून घ्यावी, कारण आमच्या पुढे उभ्या असलेल्या एका जोडप्याला त्याच एका ओळीसाठी बाहेर जाऊन नवे विमापत्र आणावे लागले. तळाच्या नोंदणीची पावतीही आम्ही जोडली होती.

ऑनलाइन अर्ज भरून झाला आणि त्याच आठवड्यात, १२ नोव्हेंबर २०२४ रोजी, नॉर्वेच्या संसदेने सामींची, तसेच फिनिश मूळ असलेल्या क्वेन आणि फॉरेस्ट फिन या समाजांची औपचारिक माफी मागितल्याची बातमी वाचली. आदल्या वर्षी, १ जून २०२३ रोजी, सत्य व समेट आयोगाचा अहवाल संसदेपुढे ठेवला गेला होता, आणि ही माफी हे त्यानंतरचे पाऊल होते. माफी कशाबद्दल हे समजून घेण्यासाठी मी वाचू लागले. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून शंभर वर्षांहून अधिक काळ नॉर्वेने सामींना 'नॉर्वेजियन बनवण्याचे' धोरण राबवले. शाळेत सामी भाषा बोलण्यास बंदी होती, मुलांना घरापासून दूर वसतिगृहांत ठेवले जात होते, आणि १९०२च्या जमीनविषयक नियमांनुसार फिनमार्क प्रांतात सरकारकडून जमीन विकत घ्यायची तर नॉर्वेजियन भाषा येणे व ती रोज वापरणे आवश्यक होते. शिक्षक म्हणून मला हे वाचताना फार त्रास झाला, कारण हे सारे ज्यांच्या हातून करवून घेतले गेले ते शिक्षकच होते.

मुंबईच्या केंद्रात २५ नोव्हेंबरची सकाळची वेळ मिळाली. पुण्याहून पहाटे निघालो. आत गेल्यावर कागदपत्रांची तपासणी, बोटांचे ठसे आणि छायाचित्र यांत दोन तास गेले. अर्ज दिल्लीच्या दूतावासाकडे जातो आणि साधारण पंधरा दिवसांत निर्णय होतो असे सांगितले गेले होते, परंतु दोन आठवडे उलटून गेले तरी काहीच कळेना. नाताळच्या सुट्ट्या जवळ आल्यावर मनात शंकाकुशंका येऊ लागल्या, आणि विमानाची तिकिटे रोज महाग होताना दिसत होती. हॉटेल आधीच रद्द करता येण्याजोग्या अटीवर घेतले होते, त्यामुळे तेवढा तरी धीर होता. १७ डिसेंबरला पारपत्रे कुरिअरने घरी आली. पाकीट उघडून व्हिसाचा कागद पाहिला आणि त्याच संध्याकाळी मुंबई ते दोहा, तेथून ओस्लो आणि पुढे ट्रोम्सो अशी तिकिटे काढली. माणशी खर्च एक लाखाच्या आतबाहेर आला.

कपड्यांबद्दल थोडे सविस्तर लिहिते, कारण आम्हाला सर्वांत मोठी धास्ती त्याचीच होती. ट्रोम्सो ध्रुववृत्ताच्या बरेच उत्तरेला असले तरी उबदार सागरी प्रवाहामुळे तेथील फेब्रुवारीचे सरासरी तापमान उणे चार अंशांच्या आसपासच असते. त्रास होतो तो वाऱ्याचा, आणि वितळून पुन्हा गोठलेल्या निसरड्या बर्फाचा. अंगालगत लोकरीचे पातळ कपडे, त्यावर जाड लोकर आणि सर्वांत वर वारा अडवणारे जाकीट, असे तीन थर पुरतात. सुती बनियन आणि जीन्स घरीच ठेवावेत, कारण सुती कापड घामाने ओले झाले की वाळत नाही. बुटांना खालून लावायचे काटेरी पट्टे ट्रोम्सोच्या दुकानांत मिळतात. आमच्या वयाच्या माणसांनी ते पहिल्याच दिवशी घ्यावेत. तळावर जाड उबदार पोशाख आणि बूट देतात, त्यामुळे त्यासाठी वेगळी खरेदी करण्याची गरज नाही. मोबाइलची बॅटरी थंडीत भराभर उतरते, म्हणून तो आतल्या खिशात अंगाच्या उबेत ठेवावा.

४ फेब्रुवारीला ट्रोम्सोत पोहोचलो आणि दुसरा दिवस विद्यापीठाच्या संग्रहालयात घालवला. तळावर जाण्यापूर्वी तेथे जावे, कारण तेथील सामी विभागात आल्ता नदीच्या आंदोलनाची हकीकत नीट मांडलेली आहे. आल्ता-काउतोकेइनो नदीवर धरण बांधण्याला १९७९ ते १९८१ या काळात सामींनी आणि पर्यावरणवाद्यांनी विरोध केला, ओस्लोत संसदेसमोर सामी तरुणांनी उपोषण केले. धरण शेवटी झालेच, पण त्या आंदोलनामुळे सामींच्या हक्कांचा प्रश्न साऱ्या देशापुढे आला, १९८७ मध्ये सामी कायदा झाला आणि १९८९ मध्ये काराशोक येथे सामी संसद सुरू झाली. जी लढाई हरली तिच्यातून संसद उभी राहिली, ही गोष्ट मला त्या संग्रहालयात पहिल्यांदा नीट समजली.

६ फेब्रुवारी हा सामींचा राष्ट्रीय दिवस. १९१७ मध्ये याच दिवशी त्रोन्हाइम शहरात नॉर्वे आणि स्वीडन यांच्यातील सीमा ओलांडून सामींची पहिली परिषद भरली होती, आणि ती भरवण्यात एल्सा लाउला रेनबर्ग या सामी स्त्रीचा मोठा वाटा होता. या दिवशी शहरात ठिकठिकाणी सामी ध्वज लागले होते. लाल, निळा, हिरवा आणि पिवळा अशा रंगांच्या या ध्वजावर वर्तुळ असते, त्याचा लाल भाग सूर्याचा आणि निळा भाग चंद्राचा. आस्त्रिद बोल यांनी केलेली ही रचना १९८६ मध्ये स्वीकारली गेली. रस्त्यांवर गाक्ती हा पारंपरिक पोशाख घातलेली लहान मुले, आजीआजोबा आणि कार्यालयात निघालेली तरुण माणसेही दिसत होती. गाक्तीचा रंग, फितींची मांडणी आणि कमरेचा पट्टा यांवरून माणूस कोणत्या भागातला हे जाणकारांना कळते. या दिवसाच्या आसपास ट्रोम्सोत सामी सप्ताह साजरा होतो, त्यात दोरीचा फास (लासो) फेकण्याच्या स्पर्धा असतात आणि शहराच्या मुख्य रस्त्यावर रेनडिअरच्या शर्यती होतात. तारखा जुळत असतील तर हाच आठवडा निवडावा.

७ फेब्रुवारीला सकाळी ठरलेल्या ठिकाणाहून बसने तळावर गेलो. प्रवास अर्ध्या तासाचा होता. कुटुंबातील एक तरुणी आमची यजमान होती. तिने प्रथम सर्वांना एकत्र उभे करून काही गोष्टी सांगितल्या: प्राण्यांच्या मागून जाऊ नये, शिंगांना हात लावू नये, घाई करू नये, आणि प्राण्याला वाटले तर तो स्वतः जवळ येईल. मग प्रत्येकाच्या हातात खाद्याची एक छोटी बादली दिली. माझ्यापुढे आलेल्या मादीने बादलीत तोंड घातले तेव्हा जवळून दिसले की तिच्या नाकपुड्यांवर आणि ओठांवरही दाट केस आहेत, बर्फ उकरून खाणाऱ्या प्राण्याला ते लागतातच. ती पावले टाकत होती तेव्हा पायांतून कटकट असा आवाज येत होता. पायातील स्नायुबंध हाडावरून सरकताना तो होतो आणि हिमवादळात काही दिसेनासे झाले तरी त्या आवाजाच्या आधाराने कळप एकत्र राहतो, असे यजमानीण म्हणाली. तिने त्या मादीचे कान हलकेच धरून दाखवले. दोन्ही कानांच्या कडांना सुरीने घेतलेल्या खाचा होत्या, एका कानाला टोकाशी आणि दुसऱ्याला मागच्या बाजूला. या खाचांची जुळणी म्हणजे मालकाची खूण. ती नोंदवलेली असते, घरातील मुलांचीही स्वतंत्र खूण असते, आणि उन्हाळ्यात पाडसे धरून त्यांच्या कानांवर ती केली जाते. दुरून, धावत्या कळपात, खूण ओळखायला लहानपणापासून शिकावे लागते.

हिवाळ्यातही शिंगे असलेल्या बहुतेक माद्याच असतात हे मला माहीत होते, पण कारण तेथे कळले. नरांची शिंगे माजाचा काळ संपल्यावर गळतात, तर गाभण माद्यांची वसंतात विण्याच्या सुमारापर्यंत राहतात, त्यामुळे बर्फात उकरलेल्या चाऱ्यावर हक्क सांगणे त्यांना शक्य होते. स्लेज ओढणारे खच्ची केलेले नरही शिंगे बराच काळ राखतात. रेनडिअरच्या डोळ्यांतला आतला थर उन्हाळ्यात सोनेरी असतो आणि हिवाळ्याच्या अंधारात निळा होतो, हे ऐकून मी मुद्दाम वाकून पाहिले, पण दिवसाच्या उजेडात तो रंग काही माझ्या नजरेला पडला नाही.

एकाने विचारले की तुमच्याकडे एकूण रेनडिअर किती. यजमानीण हसली आणि शांतपणे म्हणाली की हा प्रश्न आमच्यात विचारत नाहीत, तो बँकेत किती पैसे आहेत असे विचारण्यासारखा आहे. मला एकदम माझे बालपण आठवले. फलटण तालुक्यातील आमच्या गावी दिवाळीनंतर कोकणाकडे निघालेले धनगरांचे वाडे शेतात उतरत, आणि मेंढ्या किती असे आम्ही पोरांनी विचारले की म्हातारे धनगर 'हायती देवाच्या दयेनं' एवढेच म्हणत. मी तिला हे सांगितले तेव्हा तिला फार कुतूहल वाटले. मेंढ्या कधी निघतात, घाट कोठून उतरतात, शेतकरी त्यांना शेतात का बसवून घेतात, असे प्रश्न तीच मला विचारू लागली, आणि खतासाठी शेतकरी धनगराला धान्य देतो हे ऐकून तिने ते आपल्या वडिलांना त्यांच्या भाषेत लगेच सांगितले.

जेवण लाव्वू नावाच्या शंकूसारख्या तंबूत होते. मध्ये चूल, भोवती बर्चच्या फांद्या आणि त्यांवर रेनडिअरची कातडी अंथरलेली. बिदोस हा रेनडिअरचे मांस, बटाटे आणि गाजरे घालून मंद आचेवर शिजवलेला रस्सा लग्नाकार्यातही असतो. माझ्या पतींनी तो आवडीने खाल्ला. मी शाकाहारी असल्याचे नोंदणीच्या वेळीच कळवले होते, त्यामुळे माझ्यासाठी भाज्यांचे गरम सूप आणि मऊ गाह्कू पाव होता. आयत्या वेळी सांगितले तर तेथे काही करणे शक्य नसते.

जेवणानंतर चुलीजवळ बसून तिने जी माहिती सांगितली, त्यासाठीच आम्ही एवढ्या लांब आलो होतो. सामींपैकी साधारण दहा टक्केच लोक रेनडिअरवर उपजीविका करतात. बाकीचे मासेमारी करतात, शिकवतात, रुग्णालयांत काम करतात. तिच्या आजीला शाळेत सामी बोलल्याबद्दल शिक्षा झाली होती, म्हणून आजीने आपल्या मुलांशी नॉर्वेजियनच बोलणे पसंत केले. यजमानीणीला भाषा घरातून पुरती मिळाली नाही, ती तिने मोठेपणी विद्यापीठात शिकून घेतली आणि आता स्वतःच्या मुलाशी सामीतच बोलते. हे सांगताना तिचा आवाज स्थिर होता, माझा मात्र बोलताना कातर झाला. मी तिला सांगितले की मी शिक्षिका होते. ती म्हणाली, 'मग तुम्हाला हे समजेल.'

पुढे तिने हवामानाबद्दल सांगितले. हिवाळ्यात मध्येच पाऊस पडतो, पाणी गोठून बर्फावर कडक थर बसतो, आणि खालचे शैवाक, म्हणजे दगडफुलाच्या जातीचे त्यांचे मुख्य खाद्य, प्राण्यांना उकरता येत नाही. मग विकतचा चारा घालावा लागतो. शिवाय रस्ते, खाणी आणि पवनचक्क्या चराईच्या जमिनी तोडत जातात. मध्य नॉर्वेतील फोसेन येथील पवनचक्क्यांनी तेथील सामींच्या सांस्कृतिक हक्कांचा भंग होतो, असा निर्णय नॉर्वेच्या सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑक्टोबर २०२१ रोजी दिला, तरी चक्क्या फिरतच राहिल्या. २०२३ मध्ये सामी तरुणांनी ओस्लोत मंत्रालयांची दारे अडवली, आणि पुढे तेथील दोन्ही पशुपालक गटांशी शासनाने व पवनचक्क्यांच्या कंपन्यांनी समझोते केले. संसदेच्या माफीबद्दल मी विचारले तेव्हा ती म्हणाली की आजीच्या पिढीसाठी ती आवश्यक होती, पण आमच्या पिढीला चराईची जमीन हवी आहे.

शेवटी तिने योइक, म्हणजे सामींचे पारंपरिक गाणे, म्हटले. योइक माणसाचे, प्राण्याचे, डोंगराचे असते, आणि ते म्हणताना तो माणूस किंवा तो डोंगर तेथे हजर होतो असे मानतात. एकेकाळी धर्मोपदेशकांनी ते पाप ठरवले होते. तिने म्हटलेले योइक तिच्या आजीचे होते. ध्वनिमुद्रण करू का असे कोणीतरी विचारले, तिने नको म्हटले, आणि सर्वांनी फोन खिशात ठेवले. छायाचित्रे काढण्यापूर्वी, विशेषतः माणसांची, विचारावे, आणि नकार आला तर तो सहज स्वीकारावा.

निघताना तळावरच्या छोट्या दुकानात कुटुंबातील स्त्रियांनी विणलेले पट्टे आणि शिंगाच्या वस्तू होत्या. सामी हस्तकलेला दुओद्जी म्हणतात आणि अस्सल वस्तूंवर तशी खूण असते. शहरातील भेटवस्तूंच्या दुकानांत मिळणाऱ्या स्वस्त नकला कोठे बनतात हे कळत नाही, म्हणून घ्यायचे तर तळावरून किंवा हस्तकलाकारांच्या दुकानातून घ्यावे. नॉर्वेत जवळजवळ सर्वत्र कार्ड चालते, रोख क्रोन आम्हाला एकदाही लागले नाहीत. माझ्या पतींनी शिंगाच्या मुठीची एक सुरी घेतली. अशी वस्तू घेणाऱ्यांनी परतीच्या प्रवासात ती हातातल्या पिशवीत न ठेवता विमानात जमा करायच्या बॅगेत, कागदात नीट गुंडाळून ठेवावी आणि पावती जवळ ठेवावी.